माळव्याच्या धुना, कुमारजींच्या आधी आणि नंतर

महाराष्ट्रातल्या जाणत्या श्रोत्याला माळवा ठाऊक झाला तो कुमार गंधर्वांच्या गळ्यातून. मालवती, लगनगंधार, सहेली तोडी, निंदियारी, अहिमोहिनी हे राग, 'गीतवर्षा'सारखे ऋतुगीतांचे कार्यक्रम आणि निर्गुणी भजनं यांतून मराठी कानांना एका कोरड्या, उंच पठाराचा वारा लागला. मी उज्जैनच्या फ्रीगंज भागात राहतो. पुण्या-मुंबईचे पाहुणे महाकाळाच्या दर्शनाला येतात, तेव्हा बोलता बोलता कुमारजींचा विषय निघतोच. तासभर आम्ही त्यांच्या बंदिशींवर बोलतो. पण ज्या बायकांकडून, ज्या तंबूरवाल्यांकडून कुमारजींनी या धुना ऐकल्या, त्यांच्याबद्दल सहसा कोणी विचारत नाही. हा लेख त्या मंडळींबद्दल आहे. त्यांचं गाणं कच्चा माल नव्हे, ते आपल्या जागी पुरतं पक्कं आहे, असं माझं ठाम मत आहे.

माळवा म्हणजे उज्जैन, देवास, इंदूर, शाजापूर, रतलाम, मंदसौर या जिल्ह्यांचा पट्टा. काळी जमीन, गव्हा-हरभऱ्याची आणि आता सोयाबीनची शेती, बोली माळवी. दक्षिणेला विंध्याचा उतार उतरून नर्मदेच्या खोऱ्यात गेलं की निमाड लागतो. तिथली बोली वेगळी, गाणंही वेगळं. मराठी माणूस इथे नवखा नाही. अठराव्या शतकात राणोजी शिंद्यांनी उज्जैनला ठाणं केलं आणि त्यांचे दिवाण रामचंद्रबाबा सुखटणकर यांनी महाकाळाचं मंदिर पुन्हा उभं केलं. १८१० मध्ये दौलतराव शिंद्यांनी राजधानी ग्वाल्हेरला नेली, तरी मराठी घरं इथेच राहिली. देवासला पवारांच्या थोरल्या आणि धाकट्या अशा दोन पाती होत्या, इंदूरला होळकर. भा. रा. तांब्यांच्या कवितेतला सांजवेळेचा रंग याच मुलखातला. गजानन माधव मुक्तिबोध याच मराठी घरांपैकी एका घरातले, ते हिंदीत लिहू लागले आणि त्यांचे धाकटे बंधू शरच्चंद्र मराठीत. जुन्या शहरापासून रेल्वेच्या रुळांनी वेगळं पडलेलं आमचं फ्रीगंज, म्हणजे माधवनगर, शिंदेशाहीच्या उत्तरकाळातलं. सरळ रस्ते, मधे टॉवर चौक. इथल्या मराठी घरांत आजही आजी नातवंडांशी जी मराठी बोलते, तिच्यात निम्मे शब्द माळवीचे असतात. म्हणजे शब्द घरात आले. गाणी मात्र बरीचशी दाराबाहेरच राहिली. अडीचशे वर्षांच्या शेजारात आपण एवढंच ऐकलं, याची मला खंत वाटते.

ती दारं उघडली एका कानडी माणसाने. शिवपुत्र सिद्धरामय्या कोमकली, म्हणजेच कुमार गंधर्व, जन्म ८ एप्रिल १९२४, बेळगाव जिल्ह्यातलं सुळेभावी. मुंबईत प्रो. बी. आर. देवधरांकडे शिक्षण, विशीच्या आतच देशभर नाव, १९४७ मध्ये भानुमती कंस यांच्याशी लग्न आणि त्याच सुमारास क्षयाचं निदान. कोरड्या हवेसाठी १९४८ च्या जानेवारीत ते देवासला आले. डॉक्टरांनी गाणं बंद केलं होतं. भानुमतीबाई शाळेत शिकवत आणि घर चालवत. कुमारजी खाटेवर पडून असत. हे वर्णन आपण अनेकदा वाचलेलं असतं, पण त्यातली एक गोष्ट पटकन निसटते. ज्याचा गळा बंद केला आहे अशा गवयाला गाता येत नव्हतं, म्हणून तो ऐकत राहिला, आणि तेही पाच वर्षं सलग. घरावरून बाजाराला जाणाऱ्या बायका, पहाटेची जात्यावरची गाणी, लग्नाची वरात, दारावर आलेला नाथपंथी भिक्षेकरी. गाणारा माणूस एरवी असं ऐकत नाही, तो ऐकताना मनात आपलं गाणं मांडत असतो. इथे मांडायला वावच नव्हता.

१९५३ च्या आसपास औषधांनी आजार आटोक्यात आला आणि ते पुन्हा गाऊ लागले. एका फुफ्फुसाचं बळ गेलेलं होतं, त्यामुळे लहान लहान, तुटक, अचानक झेप घेणाऱ्या जागा त्यांच्या गायकीत आल्या. यात माळव्याच्या धुनांचा वाटा किती आणि आजाराचा किती, हे ठरवण्याच्या भरीला मी पडणार नाही. पण त्या पाच वर्षांत त्यांनी जे ऐकलं त्याचं त्यांनी नीट टिपण केलं. शेकडो धुना स्वरलिपीत उतरवल्या. कोण गातं, कोणत्या वेळी गातं, कोणता स्वर लांबवतं, हे लिहिलं. त्यातून जे राग त्यांनी मांडले त्यांना त्यांनी 'धुनउगम राग' असं नाव दिलं, आणि १९६५ साली निघालेल्या 'अनूपरागविलास'मध्ये त्यांच्या बंदिशी आल्या.

धुनउगम म्हणजे काय, हे जरा सावकाश पाहू. शास्त्राप्रमाणे रागाला कमीत कमी पाच स्वर लागतात. लोकधुनेला ही अट नाही. तीन-चार स्वरांत ती सुरू होते आणि तेवढ्यातच संपते. याचं कारण साधं आहे. ही गाणी दहा वर्षांची मुलगी आणि सत्तर वर्षांची आजी एकाच वेळी एका सुरात गाते, दळताना, चालताना, पाणी भरताना गाते. स्वरांची झेप मोठी असेल तर निम्म्या बायका गळतील. म्हणून धून षड्जाच्या आसपास राहते, एखादा स्वर वरून स्पर्शून येते आणि पुन्हा खाली विसावते. पण या थोड्या स्वरांतला प्रत्येक स्वर आपल्या जागेवर ठाम असतो. एक गंधार वर जाताना वेगळा आणि उतरताना किंचित निराळा लागतो, आणि तो तसाच लागला नाही तर त्या गावच्या बायका लगेच 'असं नाही' म्हणतात. म्हणजे नियम आहेत, ते लिहिलेले नाहीत एवढंच. पिलू, मांड, पहाडी यांसारखे राग लोकधुनांतून आले हे संगीताचा प्रत्येक विद्यार्थी ऐकतो. कुमारजींचं म्हणणं याच्या एक पाऊल पुढचं होतं. राग मुळात धुनेतच दडलेला असतो, गवयाने तो बनवायचा नसतो, तो ओळखायचा असतो. धुनेत न लागलेले पण तिच्या चालीने सूचित झालेले स्वर त्यांनी शोधले, आरोह-अवरोह उलगडला आणि मग बंदिश बांधली. बंदिशीचे शब्दही पुष्कळदा माळवी ठेवले. ऐकणाऱ्याला राग नवा वाटतो आणि तरी तो कधीतरी ऐकलेला आहे असं वाटत राहतं.

असं काम जगात इतर ठिकाणीही झालं. स्पेनमध्ये मानुएल दे फाया या संगीतकाराने १९१४ साली सात लोकगीतं आवाज आणि पियानोसाठी बांधली. त्यात मुर्सिया, आस्तुरियास, आरागॉन अशा निरनिराळ्या प्रांतांच्या चाली आहेत आणि चाल ओळखली की प्रांत ओळखता येतो. पुढे १९२२ च्या जूनमध्ये फाया आणि तरुण कवी फेदेरिको गार्सिया लोर्का यांनी ग्रानादाच्या अलांब्रा किल्ल्यात आंदालुसियाच्या 'कांते होंदो' या गाण्याची स्पर्धा भरवली. गाणं कॅफेंच्या रंगमंचावर जाऊन बिघडतंय अशी त्यांना भीती होती, म्हणून धंदेवाईक गायकांना मज्जाव केला. बक्षिसं मिळाली एका म्हाताऱ्या गायकाला आणि मानोलो काराकोल नावाच्या पोरगेल्या मुलाला, जो पुढे मोठा व्यावसायिक गायक झाला. यावर मी बराच विचार केला आहे. गाणं वाचवायला निघालेल्या माणसांनी त्याला स्पर्धेच्या मंचावर आणलं, आणि मंचावर आलं की ते गाणं वेगळं होतंच. १९५२-५३ मध्ये अॅलन लोमॅक्स हा अमेरिकन संग्राहक ध्वनिमुद्रणाचं यंत्र घेऊन स्पेनची खेडी हिंडला, जात्यापासून झोळीपर्यंतची गाणी त्याने जागच्या जागी टिपली. बरोबर त्याच सुमारास देवासात एक आजारी माणूस खिडकीतून माळवा ऐकत होता. फायाने धुनेखाली पियानो घातला, लोमॅक्सने तिला हात लावला नाही, कुमारजींनी तिच्यातून राग काढला. या तिन्ही वाटांना माझ्या लेखी मोल आहे. मात्र तिन्ही वाटांत एक गोष्ट मागे राहते, ती म्हणजे गाण्याचा प्रसंग.

प्रसंग म्हणजे काय हे पाहायचं असेल तर संजा पाहावी.

भाद्रपद पौर्णिमेपासून सर्वपित्री अमावास्येपर्यंत, म्हणजे ऐन पितृपक्षात, माळव्यात कुमारिका संजा मांडतात. घराबाहेरच्या भिंतीचा एक चौकोन शेणाने सारवतात आणि त्यावर संध्याकाळी शेणानेच आकृती काढतात. आकृतीवर तेरडा, कण्हेर, झेंडू अशा फुलांच्या पाकळ्या, चमकी, रंगीत कागद चिकटवतात. रोजची आकृती वेगळी. आरंभी पाटला, पंखा, बिजोरा. पाचव्या दिवशी पाच कुंवारे, सातव्याला सातिया म्हणजे स्वस्तिक, आठव्याला आठ पाकळ्यांचं फूल, नवव्याला डोकरा-डोकरी. गावागणिक क्रमात थोडा फरक पडतो आणि प्रत्येक मोहल्ला आपलाच क्रम बरोबर असं सांगतो. शेवटच्या दिवसांत किलाकोट उभा राहतो. सगळ्या भिंतीवर पसरलेला कोट, आत सूर्य-चंद्र, संजेची गाडी, कावळा, ढोली, चोर, जाडी जसोदा आणि पातळी पेमा. या दोघी कोण, असं विचारलं तर मुली हसतात. एक जाडी, एक बारीक, दोघी संजेच्या मैत्रिणी, बस्स. अमावास्येनंतर हे सगळं खरवडून नदीत किंवा तळ्यात सोडतात. उज्जैनला अर्थातच शिप्रेत.

रोज संध्याकाळी आकृती झाली की आरती आणि मग गाणी. गाण्यांतून संजा लहान मुलगी होते, रुसते, तिचं लग्न ठरतं, ती सासरी जाते, तिथे तिला घरकाम पडतं, माहेरहून गाडी येते. गाणाऱ्या मुली सात-आठ वर्षांच्या असतात, त्यांना सासर अजून ठाऊक नसतं. सोळा दिवस त्या गाण्यांतून सासरची तालीम करतात. वाद्य नसतं, टाळी असते, ती नसली तरी चालतं. धून दोन-तीन ओळींतच फिरते आणि सगळी गाणी जवळजवळ त्याच वळणाने जातात, म्हणून बाहेरच्याला ती एकच गाणं वाटतात. मुलींना मात्र पहिल्या दोन स्वरांवरून कळतं कोणतं ते.

गाणी संपली की प्रसाद. तो वाटीखाली झाकलेला असतो आणि ज्या मुलीच्या घरून आला ती सांगत नाही, बाकीच्यांनी ताडायचा. आता ज्या मराठी वाचिकेने भोंडला खेळला आहे तिला हे वाचताना आपली खिरापत आठवली असेल. वाटीखाली काय, गोड की तिखट, कशाचा, हे ओळखण्याचा तोच खेळ. फरक असा की संजा सर्वपित्रीला संपते आणि भोंडला दुसऱ्या दिवशी, घटस्थापनेला, सुरू होतो. पाटावर काढलेल्या हत्तीभोवती मुली फेर धरतात आणि तिथेही गाण्यात सासू, दीर, माहेरचा भाऊ. हादगा सोळा दिवस चालतो, संजाही सोळा दिवस. खानदेशात आणि विदर्भात भाद्रपद पौर्णिमेलाच गुलाबाई-भुलाबाई बसतात आणि कोजागिरीपर्यंत राहतात. नर्मदेच्या वर-खाली सगळीकडे पावसाळा सरताना मुली एकत्र जमून सासर-माहेर गातात, एवढं नक्की. उज्जैनच्या मराठी मुलींना लागोपाठ दोन्ही मिळत. पंधरवडाभर शेजारणींकडे संजा, मग घरी भोंडला. फ्रीगंजमधल्या कितीतरी मराठी आज्यांना भोंडल्याइतकीच संजेची गाणी पाठ आहेत. त्यांनी ती घरात कधी गायली नाहीत, कारण 'ती शेजारची'. मी वर म्हटलं की गाणी दाराबाहेर राहिली. पण तोंडपाठ असूनही ती राहिली, हे अधिक लागतं.

बायकांच्या गाण्यांचा दुसरा मोठा साठा लग्नाचा. बन्ना-बन्नी, बधावा, मामाने आहेर आणला की मामेरा, आणि व्याह्यांना चिडवणाऱ्या गाळ. ढोलकीवर मटकी ताल लागला की एखादी बाई पदर तोंडावर ओढून एकटीच नाचायला उठते, तो झेला. दोघी-चौघी उठल्या की झालरिया. या गाण्यांची बांधणी समजून घेण्याजोगी आहे. पहिल्या कडव्यात वराच्या वडिलांचं नाव येतं. दुसऱ्यात तेच शब्द, फक्त काकांचं नाव. तिसऱ्यात मामाचं, मग भावाचं, मग आत्याच्या नवऱ्याचं. कोणाचंही नाव राहता कामा नये, राहिलं तर रुसवा. गाणं किती लांबेल हे घराच्या गोतावळ्यावर ठरतं. मंचावर किंवा आकाशवाणीवर याच गाण्याची दोन कडवी गायली की श्रोता म्हणतो, शब्द फारच थोडे आहेत, पुनरुक्ती आहे. त्या पुनरुक्तीत एक अख्खं कुटुंब उभं असतं. जिला गायला बोलावलं तिला सगळ्या घराची नाती माहीत असावी लागतात, म्हणून या गाण्याची जाणकार ती, जिला चुलत्या-मावळ्यांची नावं क्रमाने येतात. गळा त्यानंतर.

पुरुषांकडे आणि विशेषतः दलित वस्त्यांकडे माळव्याचं दुसरं महान गाणं आहे, तंबूरभजनाचं. माळव्याचा तंबूरा मैफलीतल्यासारखा मागे बसून झंकार देणारा नव्हे. पाच तारांचा, हलका, उभा धरायचा. गाणारा स्वतःच एका हाताने तो छेडतो, दुसऱ्या हातात करताल असते, म्हणजे सूर आणि लय दोन्ही त्याच्याच हाती. सोबतीला ढोलक, मंजिरी, टिमकी. खेडोपाडी रात्री मंडळी जमते आणि कबीर, गोरखनाथ, मच्छिंद्र, धरमदास, मीरा यांची नाममुद्रा असलेली पदं पहाटेपर्यंत चालतात. ही पदं पोथीतून आलेली नाहीत. कबीराचं म्हणून गायलं जाणारं पुष्कळसं छापील कबीरात सापडणार नाही. गाणाऱ्याला त्याची फिकीर नसते. पद गाताना तो मधेच थांबतो आणि त्याचा अर्थ सांगतो, कोणी हरकत घेतं, वाद होतो, मग पुन्हा तंबूरा. कीर्तनाची सवय असलेल्या मराठी माणसाला हे लगेच आपलंसं वाटावं. फरक एवढाच की इथे व्यासपीठ नसतं, निरूपण करणारा आणि ऐकणारा एकाच जाजमावर बसतात.

कुमारजींच्या निर्गुणी गायनाचा उगम इथेच. देवासला शीलनाथ महाराजांची धुनी आहे, नाथपंथीयांची ये-जा तिथे असे, आणि त्यांच्याकडची जुनी पदं कुमारजींना मिळाली. त्यांनी ज्या तऱ्हेने निर्गुण गायलं, तो सूर हवेत सोडून दिल्यासारखा लावला, त्याबद्दल मराठीत खूप लिहून झालं आहे. पण मूळ मंडळीत तेच पद ऐकलं की ध्यानात येतं, तिथे शून्याची भीती-बिती काही नाही. तिथे ठेका चालतो, बैठक रंगते, शेजारी चहाची किटली फिरते. एकट्याचं निर्गुण आणि समूहाचं निर्गुण, दोन्ही खरी. कुमारजींचंच ऐकून कबीर म्हणजे फक्त एकांत असं मानणाऱ्या रसिकांनी एक रात्र मंडळीत बसावं.

या परंपरेतलं आज सर्वांत ओळखीचं नाव प्रह्लादसिंह टिपानिया. मक्सीजवळच्या लुणियाखेडीचे, एके काळी सरकारी शिक्षक, जन्म १९५४, पद्मश्री २०११. त्यांनी हे गाणं ध्वनिफितींवर आणि देशोदेशीच्या मंचांवर नेलं. पण मला त्याहून महत्त्वाचं वाटतं ते देवासचं एक काम. 'एकलव्य' या शिक्षणसंस्थेने १९९१ मध्ये 'कबीर भजन एवं विचार मंच' सुरू केला. दर महिन्याच्या २ तारखेला गावोगावच्या मंडळ्या जमत, रात्रभर भजन होई आणि त्याबरोबर चर्चा. जात, अस्पृश्यता, कर्मकांड यांवर कबीर काय म्हणतो आणि आपण घरी काय करतो, हा विषय. १९९८ पर्यंत हे चाललं. गाणं जपायचं तर त्याचा प्रसंगही जपायचा, हे तिथे कोणी भाषणातून सांगितलं नाही. ते आपसूक घडलं. २०२४ साली देवासचे कालूराम बामनिया आणि २०२५ मध्ये भेरूसिंह चौहान या निर्गुण गायकांना पद्मश्री मिळाली, म्हणजे ही वाट रुंद झाली आहे.

उज्जैनचं स्वतःचं म्हणावं असं लोकसंगीत मात्र माच. हे गायलेलं नाटक. भागसीपुरा, जयसिंगपुरा, दौलतगंज अशा जुन्या शहरातल्या मोहल्ल्यांचे आखाडे, आणि आखाड्याचा गुरू तोच नाटककार, तोच संगीतकार. एकोणिसाव्या शतकातले गुरू गोपाळ आणि गुरू बालमुकुंद ही नावं इथे आदराने घेतली जातात. खेळाच्या बरेच दिवस आधी खांब रोवून पूजा होते आणि मोहल्ल्याला कळतं की माच होणार. मंच उंच, तिन्ही बाजूंनी प्रेक्षक. आधी भिश्ती येतो, पाणी शिंपडल्याचं गातो. मग फर्रासन येते, सतरंजी अंथरल्याचं गाते. मग राजा. संवादांना 'बोल' म्हणतात आणि ते गाऊनच म्हणायचे, चालींना 'रंगत'. खडी रंगत, इकहरी, दोहरी अशा त्यांच्या जाती. ढोलक आणि सारंगी प्रत्येक बोलाचा शेवट उचलून धरतात. बायकांच्या भूमिका पुरुषच करत. राजा भरथरीची कथा उज्जैनला खास प्रिय, कारण त्याची गुंफा इथेच शिप्रेच्या काठावर आहे आणि नाथजोगी तीच कथा गात दारोदार फिरत. विसाव्या शतकात सिद्धेश्वर सेन यांनी माचाला नवं बळ दिलं. ओमप्रकाश शर्मा यांना याच कामासाठी २०२४ साली पद्मश्री मिळाली.

माचाच्या मुळाशी जाताना तुर्रा-कलगीचा उल्लेख येतो, आणि इथे मराठी वाचकाने कान टवकारावेत. तुर्रा म्हणजे शिव, कलगी म्हणजे शक्ती, दोन फडांत रात्रभर सवाल-जवाब. माळवा-निमाडात ही परंपरा तुकनगीर गोसावी आणि शाहअली फकीर यांच्या नावाने सांगतात. महाराष्ट्रात शाहिरांचे कलगीवाले आणि तुरेवाले असे फड होते आणि कोकणात आजही शक्ती-तुऱ्याचे सामने गणपतीपासून रंगतात. त्यांचेही दाखले शिव-शक्तीचेच. याहून नवल असं की माळवा-निमाडात लावणी नावाचा गायनप्रकार आहे आणि तो शृंगाराचा नाही, पहाटे गायच्या निर्गुणी पदांचा आहे. आपल्याकडेही आध्यात्मिक लावणीची, भेदिकाची परंपरा होती, ती शृंगारिक लावणीच्या झगमगाटात मागे पडली. मराठी फौजांबरोबर शाहीर इथे आले, इथले गोसावी-फकीर दक्षिणेला गेले. कोणी कोणाकडून काय घेतलं याचा हिशेब आता लागणार नाही, लावूही नये. पण शाहिरीचा अभ्यास करणाऱ्यांनी पुण्या-सांगलीवर न थांबता उज्जैन-खांडव्यापर्यंत यायला हवं. मराठी शाहिरीचं अर्धं घर इकडे आहे.

आता फ्रीगंजची आजची स्थिती. पितृपक्ष जवळ आला की टॉवर चौकाच्या आजूबाजूला दुकानांत छापील संजा टांगलेली दिसते. चकचकीत कागदावर किलाकोट, सूर्य-चंद्र, जाडी जसोदा, सगळं तयार. फ्लॅटच्या भिंतीला शेण लावता येत नाही, शेण मिळतही नाही, म्हणून हा कागद. त्याची चेष्टा मी करणार नाही. कागद चिकटवून का होईना चार मुली गॅलरीत जमल्या तर गाणं होतं. अडचण अशी की छापील कागदावर सोळा दिवसांचं चित्र पहिल्याच दिवशी पूर्ण असतं. रोज थोडं काढायचं, रोज जमायचं, हे कारणच उरत नाही, आणि जमणं गेलं की गाणं जातं. वरातीत मटकीच्या जागी डीजे आला त्यापेक्षा मला याची काळजी अधिक वाटते. डीजे वर्षातून चार रात्री वाजतो. संजा सोळा संध्याकाळी मुलींना गायला शिकवत होती.

चिंतामणी उपाध्याय आणि श्याम परमार यांनी माळवी लोकगीतांवर मूलभूत काम करून ठेवलं आहे, ते हिंदीत आहे आणि ग्रंथालयांत मिळतं. कुमारजींचं काम मराठीत आहे. या दोन्हींच्या मधे जी एक जागा रिकामी आहे, ती इथल्या मराठी घरांची. ज्या आज्यांना भोंडला आणि संजा दोन्ही येतात, त्या आता सत्तरी-ऐंशीत आहेत. उज्जैन, देवास, इंदूर, धार, रतलाम इथल्या मराठी वाचकांना माझी विनंती आहे. यंदा घरातल्या किंवा शेजारच्या अशा एका बाईला बसवून तिची गाणी फोनवर मुद्रित करा. तिच्या सवडीने करा, मध्ये सूर दुरुस्त करू नका, कडवी तोडू नका. कोणत्या मोहल्ल्यात, कोणाकडून शिकली, कोणत्या दिवशी कोणतं गात, प्रसादाला काय असे, हे तिच्याच तोंडून वदवून घ्या आणि तारीख घालून ठेवा. तिची हरकत नसेल तर त्याची एक प्रत गावातल्या ग्रंथालयाला किंवा महाविद्यालयाच्या संगीत विभागाला द्या. आणि पुढच्या भाद्रपदात मुलींना भिंतीचा एक कोपरा मोकळा करून द्या.